स्टँडवर उरलेली सायकल

भाचीच्या नव्या फ्लॅटची वास्तुशांत होती. गुरुजींनी होम पेटवला, वरून तुपाची धार सोडली, आणि छताला लावलेला आगीचा भोंगा किंचाळायला लागला. सोसायटीचे दोन गार्ड धापा टाकत वर आले. भाचीचा नवरा ओशाळून त्यांच्या पाया पडायचाच काय तो बाकी राहिला. गुरुजींनी मात्र मंत्र थांबवले नाहीत. सगळे हसले, मीही हसले, पण माझं मन त्या भोंग्याबरोबर केव्हाच खाली उतरून गेलं होतं. ही इमारत उभी आहे तिथे पूर्वी कंपनी होती, आणि त्या कंपनीचा भोंगा ऐकत माझी तरुणपणाची कितीतरी वर्षं गेली.

पानं मांडायला अवकाश होता. मी लिफ्टने पार्किंगमध्ये आले. पांढरे पट्टे, नंबर घातलेले खांब, गाड्यांना वीज पाजायची खोकी. गेटच्या डाव्या हाताला वड होता, तो अजून आहे. बिल्डरनं त्याला कठडा बांधून दिव्यांच्या माळा गुंडाळल्यात. त्याला विचारलं असतं तर तो नको म्हणाला असता असं मला वाटतं. त्या वडाच्या पलीकडे पत्र्याच्या लांबलचक छपराखाली कंपनीचा सायकल स्टँड होता. आता तिथे कुणाची तरी पांढरीशुभ्र मोटार झाकण घालून झोपली होती.

मी तेव्हा एका दैनिकाच्या पिंपरी कचेरीत बातमीदार होते. कचेरी म्हणजे फरसाणाच्या दुकानावरची एक खोली. खाली कढई चढली की वर बातम्यांना तळणीचा वास लागायचा, आणि आमच्या कपड्यांना तो रविवारीसुद्धा सोडायचा नाही. घरी आई म्हणायची, पेपरात जातेस की भजी तळायला? संध्याकाळी बातम्यांचं पाकीट पुण्याच्या बसमध्ये कंडक्टरच्या हाती द्यायचं. तो ते तिकिटांच्या पेटीखाली दाबून ठेवायचा आणि विचारायचा, "आज काय विशेष, ताई?" उद्याच्या पेपराची बातमी सगळ्यांत आधी त्याला कळायची.

गावाचे वास तेव्हा हद्दीसारखे ठरलेले होते. एका बाजूने औषधांच्या कारखान्याचा आंबूस वास यायचा, भोसरीकडून फाउंड्रीचा भाजलेल्या मातीचा, मध्येच कुठे रबराचा, रंगाचा. डोळे बांधून स्कूटरवर बसवलं असतं तरी मी कुठल्या चौकात आहे ते सांगितलं असतं. थंडीत पहिल्या पाळीचे लोक कानटोप्या घालून धुक्यातून यायचे, आधी घंट्या ऐकू यायच्या आणि मग सायकली दिसायच्या. उन्हाळ्यात डांबर इतकं मऊ व्हायचं की चपलेला चिकटलेल्या बर्रीबरोबर, म्हणजे लोखंडाच्या किसाबरोबर, तेही घरी यायचं. पाळी सुटली की रस्ता सायकलींचा व्हायचा, आणि आम्ही रस्ता ओलांडायचं विसरून कडेला उभे राहून चहा प्यायचो.

आणि खंडेनवमी. त्या दिवशी कंपन्यांची फाटकं सताड उघडी असायची. कामगार बायकापोरांना घेऊन यायचे. रोज ज्या यंत्राशी बाप झगडतो ते यंत्र झेंडूच्या माळा घालून, हळदकुंकू लावून, न्हाऊनमाखून बसलेलं पोरं बघायची. नारळाच्या पाण्याचा आणि ऑइलचा मिळून एक वास यायचा, तो मला पुन्हा कुठे आला नाही. आम्हा बातमीदारांना पेढ्याचा पुडा मिळायचा. अण्णा पेढा खिशात टाकायचे आणि शेडमध्ये शिरायचे. कुठल्या प्रेस मशीनची हात वाचवणारी जाळी काढून ठेवलीय, कुठला आग विझवायचा डबा रिकामा आहे, हे ते पूजेच्या गर्दीत बघून घ्यायचे. वर्षभरात तेवढाच एक दिवस त्यांना कुणी अडवायचं नाही.

अण्णा म्हणजे आमचे कचेरीप्रमुख. चऱ्होलीचे, जुन्या शेतकरी घरातले. शिक्षण पुण्यात झालेलं, बातमी लिहायचे ती अगदी स्वच्छ छापील मराठीत, पण तोंड उघडलं की गाव बोलायचं. डोक्यावर टोपी, पायात कायम धुळीने माखलेल्या वहाणा. कंपनीच्या पत्रकार परिषदेत गालिच्यावर त्या वहाणांचे ठसे उमटायचे आणि जनसंपर्क अधिकारी ते बघून न बघितल्यासारखं करायचे. कुठे काही घडल्याची कुणकुण लागली आणि मी फोनकडे हात नेला की ते ओरडायचे, "ठिव तो फोन. ऊठ. जाऊन बघू."

अपघाताची कुणकुण असली तर ते आधी साहेबाकडे जायचे नाहीत, दवाखान्यातही नाही. आधी सायकल स्टँडवर. पाळी सुटायच्या थोडं आधी जाऊन छपराच्या टोकाला उभं राहायचं. भोंगा व्हायचा, माणसं बाहेर पडायची, टाचेनं स्टँड उडवायचा तो खटाखट आवाज छपरभर पसरायचा. रांगा विरळ व्हायच्या. पुढच्या पाळीच्या सायकली वेगळ्या रांगेत लागलेल्या असायच्या, त्यामुळे घोळ व्हायचा नाही. शेवटी धूळ खाली बसायची, आणि बसली की कळायचं, सुटलेल्या पाळीतली एखादी सायकल तिथेच उभी आहे की नाही.

पहिल्यांदा अण्णांनी मला नेलं तो दिवस उन्हाळ्याचा होता. कारखान्यात टाकी फुटल्याची बातमी चहावाल्याकडून आली होती. मॅनेजरनं फोनवर हसून सांगितलं, सगळं आलबेल आहे, वाफेचा आवाज झाला फक्त. मी तसं लिहायलाही घेतलं होतं. अण्णांनी कागद हातातून काढून घेतला. आम्ही स्टँडवर उभे राहिलो. स्टँड रिकामा झाला तेव्हा एक हिरवी सायकल उरली. मागच्या कॅरिअरला सुतळीनं मेथीची जुडी बांधलेली होती. पहाटे मोशीच्या रस्त्यावर बायका भाजी घेऊन बसायच्या, तिथे घेतली असणार, दुपारी घरी न्यायला. ती उन्हानं पार मान टाकून पडली होती.

अण्णा त्या सायकलीजवळ गेले आणि त्यांनी सीटवर हात ठेवला. "तू बी ठिव," म्हणाले. मी ठेवला. का ठेवायचा ते त्यांनी सांगितलं नाही, मी विचारलंही नाही. हात ठेवल्यावर ती बातमी राहिली नाही, कुणाची तरी सायकल झाली, एवढं मला जाणवलं. मग अण्णांनी वॉचमनकडे वळून साध्या आवाजात विचारलं, "ह्याचा मालक कुठंय?"

वॉचमन खाली बघायला लागला. अण्णांनी आवाज न चढवता तेच पुन्हा विचारलं. तिसऱ्यांदा विचारायची वेळ आली नाही.

तिथून आम्ही त्या माणसाच्या खोलीवर गेलो, मग दवाखान्यात, मग पुन्हा कंपनीत, आणि आता साहेबाला सगळं आलबेल म्हणता येईना. दुसऱ्या दिवशी बातमी आली ती एका कॉलमात, आतल्या पानावर. पण त्या माणसाचं नाव होतं, बापाच्या नावासकट, गावासकट, आणि तो कामावर असताना गेला हे होतं. त्याची बायको ते कात्रण पदराला बांधून युनियनच्या कचेरीत गेल्याचं नंतर कानावर आलं.

दर वेळी असंच व्हायचं असं नाही. एकदा उरलेल्या सायकलीचा माग काढत आम्ही रात्र व्हायच्या बेतात सांगवीपर्यंत गेलो, तर मालक सासुरवाडीच्या ओट्यावर बसून आमरस ओरपत होता. मेव्हणा मोटारसायकल घेऊन गेटवर आला, त्याच्या मागे बसून स्वारी निघून आली होती. आम्हाला बघून बिचाऱ्याचा हात वाटीतच राहिला. "आता आलोच हाय तर आमाला बी वाढा," म्हणत अण्णांनी बसकण मारली. परतताना मी चिडले होते, बातमी हातची गेली म्हणून. अण्णा स्कूटर थांबवून मागे वळले. "जित्ता माणूस सापडला आन तू रडती व्हय गं?" आणि इतके हसले की स्कूटरला पुन्हा किक मारायचं भान राहिलं नाही.

मग सायकली कमी झाल्या. मोपेड आल्या, मोटारसायकली आल्या, कंपनीच्या बसगाड्या आल्या. कंपन्याच चाकणकडे सरकल्या. फरसाणाच्या दुकानात मोबाइल विकायला लागले आणि वरची खोली बंद झाली. बातमीदारांना घरूनच काम करा म्हणून सांगितलं. कंपनीकडून पत्रक यायचं, त्याबरोबर फोटो यायचा, हळूहळू मथळासुद्धा तिकडूनच यायला लागला. मी निवृत्त झाले तेव्हा शेवटच्या काही वर्षांत बाहेर पडून आणलेल्या बातम्या आठवायला बसले आणि मलाच लाज वाटली. अण्णा त्याआधीच गेले. त्यांच्या निधनाच्या बातमीत त्यांचं गाव आळंदी छापून आलं. चऱ्होलीला कुणी फोन केला असता तरी चाललं असतं, पण तेवढंही झालं नाही, आणि एकानं आळंदी लिहिलं म्हणून सगळ्यांनी आळंदीच लिहिलं.

पार्किंगमध्ये उभी राहून हे सगळं मी चघळत होते तेव्हा पर्समधला फोन वाजला. संगीता होती. संगीता सांगवीला माझ्याकडे पोळ्या करते. परभणीकडची आहे, नवरा गवंडीकाम करतो. त्या दिवशी ती आली नव्हती आणि मी मनातल्या मनात तिच्यावर वैतागले होते.

"बाई, तुमी पेपरात होत्या ना?" तिचा आवाज कोरडा होता. "दत्ता घरी आला नाही ओ. काल चाकणला आग लागली ना, त्याच कंपनीत हाय त्यो."

दत्ता तिचा धाकटा भाऊ. ठेकेदाराकडून कामाला होता. सकाळी डबा घेऊन गेला, दुपारी आग लागली, तेव्हापासून फोन बंद. ठेकेदार म्हणत होता, तो त्या दिवशी कामावर आलाच नव्हता. नवरा दवाखाने पालथे घालत होता. पोलीस म्हणाले, बातमीत तर जीवितहानी नाही असं आहे, गेला असेल दोस्तांबरोबर कुठे, येईल. मी तिथेच उभ्या उभ्या फोनवर बातम्या उघडल्या. एक उघडली, दुसरी उघडली, तिसरी उघडली. सगळीकडे तेच शब्द, त्याच क्रमाने: कंपनीने तत्परता दाखवल्याने सर्व कर्मचारी सुखरूप.

रोहन नावाचा एक मुलगा माझ्या शेवटच्या वर्षी कामाला लागला होता. आता तो पेपरचंही बघतो आणि पोर्टलचंही. त्याला फोन लावला.

"हो मॅम, आम्हीच सगळ्यात आधी टाकली," तो उत्साहानं म्हणाला.

"तू गेला होतास?"

"कुठे?"

"चाकणला. आग लागली तिथे."

"मॅम, ड्रोनचा व्हिडिओ आलाय ना. एकदम क्लिअर आहे."

मी दत्ताचं सांगितलं. तो म्हणाला, "कन्फर्म कोण करणार, मॅम? काहीतरी पाठवा ना, फोटोबिटो. मी डेस्कला टाकतो." पोरगा वाईट नाही. दिवसभरात पंधरा बातम्या टाकायच्या, पेट्रोल स्वतःच्या खिशातलं, आणि घरी हप्ते. अण्णांसारखं ओरडायला त्याच्या डोक्यावर कुणी नव्हतं. मी ओरडले नाही, आणि आता वाटतं ओरडायला हवं होतं.

भाचीकडे पानावर न बसताच मी निघाले. संगीता भोसरीला भेटली. तिथून सहा सीटर रिक्षात कोंबून चाकण. रस्ताभर ती मांडीवरच्या पिशवीचे बंद ओढत राहिली. कंपनीच्या मागच्या अंगाला शेड काळी पडली होती, हवेत जळक्या प्लास्टिकचा वास होता, आणि पुढच्या अंगाला एकाच पाळीचं काम चालू होतं. ठेक्यावरच्या माणसांना आत गाड्या लावू देत नाहीत. त्यांच्या मोटारसायकली गेटबाहेर मातीत, विजेच्या तारांखाली ओळीनं उभ्या होत्या.

"दत्ताची गाडी दिसती का गं?" मी विचारलं.

"सगळ्या काळ्याच हायत्या, बाई."

"थांबू या. पाळी सुटू दे."

आता भोंगा नसतो. माणसं मशीनला अंगठा लावतात आणि निमूट बाहेर येतात. ती आली, गाड्या सुरू झाल्या, धूर झाला, धूळ उडाली. मी आणि संगीता पानाच्या टपरीला टेकून उभ्या होतो. माझे गुडघे दुखत होते, आणि मी मनातून प्रार्थना करत होते की सगळ्या गाड्या जाऊ देत. एकही उरू नये. मेव्हण्याच्या मागे बसून दत्ता कुठेतरी गेलेला असू दे, आमरस ओरपत असू दे.

धूळ खाली बसली. एक गाडी उरली होती. हँडलला लाल दोरा बांधला होता.

"आईनं बांधलाय," संगीता म्हणाली. ती सावकाश गाडीजवळ गेली आणि पदराने सीटवरची राख पुसायला लागली. सीट पुसली, टाकी पुसली, आरसा पुसला. मी सीटवर हात ठेवला. उन्हानं ती चांगलीच तापली होती.

गेटवर गेले. गार्ड तरुण होता, उत्तरेकडचा. मी विचारलं, "इस गाडी का मालिक किधर है?"

"मालूम नहीं, मॅडम. हम तो आज ही आए हैं. पुराना स्टाफ सब बदल दिया."

संगीतानं गाडीचा फोटो काढला आणि माझ्याकडून नंबर घेऊन रोहनला पाठवला. खाली बोलून निरोपही पाठवला, हा माझा भाऊ दत्ता, ह्याच कंपनीत कामाला होता, त्याची गाडी इथंच हाय, त्यो कुठं हाय ते इचारा. आवाज न कापता बोलली. मला तिचं कौतुक वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती पोळ्या करायला आली नाही, नुसती आली. फोन माझ्यापुढे धरला. फोटो तोच होता, पुसलेली सीट, लाल दोरा. वर लिहिलं होतं: चाकणमध्ये कंपनीच्या गेटसमोर बेवारस दुचाकी, नागरिकांत भीतीचे वातावरण. तिथे आम्ही दोघी सोडल्या तर नागरिक असे कुणी नव्हतेच. भीती होती, ती खरी, पण गाडीची नव्हती. खाली तीच बातमी इतर चार ठिकाणी, शब्द न शब्द तीच. दत्ताचं नाव कुठेच नव्हतं.

"बेवारस म्हनायलेत, बाई," संगीता म्हणाली. "मी हाव की."

रोहननं फोन उचलला. "सॉरी मॅम, फोटो डेस्कनं परस्पर घेतला. व्हॉइस नोट कुणी ऐकलीच नाही." मग जणू त्यानं मला बरं वाटेल, "पण चाललीय खूप."

ती बातमी वाचून पोलिसांनी गाडी उचलून नेली. आम्ही ठाण्यावर गेलो. आवारात जप्तीच्या गाड्यांच्या गर्दीत तो लाल दोरा लांबूनही दिसला. आतला हवालदार वयस्कर होता, चष्मा नाकावर, समोर फॉर्म.

"गाडी कुणाची?"

"भावाची," संगीता म्हणाली.

"मग तुम्ही कशाला आलात? मालक कुठंय?"

तोच प्रश्न होता, तसाच साध्या आवाजातला. इतक्या जणांनी ती गाडी पाहिली, फोटो फिरवला, मथळे दिले, आणि हे विचारलं ते फॉर्ममधला रकाना भरायचा होता म्हणून एका हवालदारानं.

संगीतानं दोन्ही हात टेबलावर ठेवले. "त्येच इचारायलो आमी, सायेब. मालक कुठंय?"

हवालदारानं मान वर केली. त्यानं आधी तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग चष्मा काढून पुन्हा तिच्याकडे. पेन फॉर्मवरून उचललं आणि बाजूला ठेवलं.

"बसा," तो म्हणाला. "काय झालं ते पहिल्यापासून सांगा."

माझ्या धंद्यातलं हे सगळ्यात जुनं वाक्य होतं, आणि ते म्हणायला आमच्यातलं कुणीच आलं नव्हतं. संगीता खुर्चीच्या कडेवर बसली, पदर सारखा केला.

"सकाळी डबा घेऊन निघाला, सायेब," तिनं सुरुवात केली. "मेथीची भाजी दिली होती."